पान दोनशे चौदा

“‘हे म्हणणे खरे नाही की, मी आरोपीचा चेहरा पाहिला नाही.’ पूर्णविराम,” नानांनी वाचलं आणि लाकडी पट्टी एक ओळ खाली सरकवली.

समोर बसलेल्या बाईंची पेन्सिल हलली नाही.

“बाई, खूण करा. पुढे जायचंय.”

“परत वाचा.”

“परत? अहो, आत्ता तर घसा ताणून वाचलं.”

“परत वाचा, नाना.”

नानांनी परत वाचलं. मग चष्मा कपाळावर चढवून मूळ कागद डोळ्यांजवळ नेला. “हे पान काय गमतीचं आहे बघा. पाच वाक्यं, आणि पाचही वाक्यांची सुरुवात फिकट. ‘हे म्हणणे खरे नाही की’ एवढंच फिकट, त्याच्यापुढचं काळंकुट्ट. टाईप करणाऱ्याने मधेच काजळ घातलं की काय?”

बाईंनी हात पुढे केला आणि पान घेतलं. खाली डाव्या कोपऱ्यात टाईप करणाऱ्याची आद्याक्षरं असतात. ती बघायची त्यांना गरज नव्हती.

नक्कल विभागाची ही खोली वरच्या कोर्टाच्या तळमजल्यावर होती. खालच्या कोर्टात खुनाचा खटला चालतो, शिक्षा होते, आणि मग अपील झालं की त्या खटल्याचे सगळे कागद दोरीने बांधून इथे येतात. इथे ते नव्याने टाईप होतात, त्यांची पुस्तकासारखी बांधणी होते, आणि ते पेपरबुक न्यायमूर्तींच्या टेबलावर जातं. त्याआधी एकाने मूळ कागद मोठ्याने वाचायचा आणि दुसऱ्याने नव्या प्रतीवर डोळे ठेवायचे. याला रुजवात म्हणतात. नाना आणि बाई नऊ वर्षं समोरासमोर बसून रुजवात घेत होते. नानांनी वाचायचं, बाईंनी बघायचं. स्वल्पविराम राहिला तरी बाईंना तो दातात अडकल्यासारखा टोचायचा.

नाना नव्या कारकुनांना सांगायचे, “वरचे साहेब साक्षीदार बघत नाहीत, आरोपी बघत नाहीत. सगळं पुन्हा पहिल्यापासून तोलतात, पण कागदावर. साक्षीदार तिथे रडला की हसला, हे कागदावर नसेल तर तो ना रडला ना हसला. म्हणून कागदाची नीट दाढी करून द्यायची.” आणि स्वतःच्याच विनोदावर हसायचे.

“बाई? पाणी देऊ का?”

“नको. आज इथेच थांबू.”

“अजून साठ पानं आहेत. सोमवारी सुनावणी.”

“नाना, थांबू म्हटलं ना.”

नानांनी पट्टी खाली ठेवली. नऊ वर्षांत बाईंचा आवाज त्यांनी असा ऐकला नव्हता.

*

अकरा वर्षांपूर्वी बाई खालच्या कोर्टात स्टेनो होत्या. हाताला वेग होता आणि त्या वेगाचा थोडा तोराही होता. उलटतपासणीच्या शेवटी वकील साक्षीदाराला सूचना देतात, म्हणजे ‘तुम्ही खोटं बोलताय’, ‘तुम्ही तिथे नव्हताच’ अशी वाक्यं त्याच्यापुढे ठेवतात. साक्षीदार ती नाकारतो. नेहमीच नाकारतो, दुसरं काय करणार? म्हणून वकिलाने “आता माझ्या पाच सूचना आहेत” म्हटलं, की तो घसा खाकरेपर्यंत बाई पाच ठिकाणी ‘हे म्हणणे खरे नाही की’ आधीच टाईप करून ठेवायच्या. मधे जागा सोडायच्या. मग नुसती शेपटं जोडायची. त्या काळचे सगळेच स्टेनो असं करत, आणि कुणाचं कधी काही बिघडलं नव्हतं.

खटला एका धुलाई केंद्राच्या मालकाच्या खुनाचा होता. मालकाला मागच्या जिन्यावर कुणीतरी लोखंडी दांड्याने मारलं होतं. संध्याकाळची वेळ, जिन्यात उजेड कमी. रखवालदाराने फाटकातून एक आकृती जाताना पाहिली होती. अंगात धुलाई केंद्राचा लांब निळा डगला, डोक्यावर टोपी. असा डगला तिथे काम करणाऱ्या चौदाही जणांना होता. पण रखवालदार म्हणाला, तो इस्त्रीवाला होता. इस्त्रीवाला पकडल्यापासून निकालापर्यंत एकच वाक्य बोलला, “मला काही सांगायचं नाही.”

त्या दिवशी दुपारची सुट्टी व्हायला दहा मिनिटं होती. शाळेतून निरोप आला होता, मुलीला ताप आहे, घेऊन जा. बाईंचा जीव तिकडे लागला होता. पाच सुरुवाती टाईप करून झाल्या आणि टाईपरायटरची रिबीन अडकली. जुनीच होती, फिकी पडलेली. त्यांनी ती उपसून काढली आणि नवी लावायला घेतली. बोटं काळी झाली. तेवढ्यात वकिलांनी तीन सूचना भराभर संपवल्या, रखवालदाराने तिन्हींना “नाही” म्हटलं. चौथी आली.

“तुम्ही त्याचा चेहरा पाहिलाच नाही.”

साक्षीदाराचा पिंजरा बाईंच्या टेबलाला लागूनच होता. रखवालदार भिंतीकडे बघत, स्वतःशीच बोलल्यासारखा बोलला, “चेहरा नाही दिसला. चाल त्या घरची वाटली.”

वकील पुढचा कागद शोधत होते. सरकारी वकील घड्याळाकडे बघत होते. न्यायाधीश भले गृहस्थ होते, पण एका कानाने कमी ऐकायचे आणि ते कुणाला कळू द्यायचे नाहीत. ते म्हणाले, “नाकारतो. घ्या पुढे.”

नवी रिबीन बसली होती. कागदावर ‘हे म्हणणे खरे नाही की’ तयार होतंच. खोडायचं तर चार कार्बनसकट कागद काढून सगळं पान पुन्हा टाईप करावं लागलं असतं, आणि त्याआधी “साहेब, तो असं नाही म्हणाला” असं भर कोर्टात म्हणावं लागलं असतं. बाईंनी शेपूट जोडलं. रखवालदाराने न वाचता सही केली. बाईंनी मुलीला घरी आणलं, तिच्या कपाळावर पाण्याच्या पट्ट्या ठेवल्या, आणि दोन दिवसांनी ताप उतरला तेव्हा ते वाक्यही डोक्यातून उतरलं.

इस्त्रीवाल्याला जन्मठेप झाली. निकालात एक वाक्य होतं: रखवालदाराने आरोपीचा चेहरा पाहिल्याचे ठामपणे सांगितले असून उलटतपासणीत तो तसूभरही ढळलेला नाही.

*

खिडकीवर टकटक झाली. नक्कल विभागाला लोकांसाठी एक लहान खिडकी होती, लाकडी फळीची. बाहेरचा माणूस छातीच्या वर तेवढा दिसायचा.

“बाई, झालं का पुस्तक?”

ही इस्त्रीवाल्याची बहीण. पस्तिशीची असेल, कपडे रफू करण्याचं काम करायची, बोटांच्या टोकांना सुयांची भोकं. गेले दोन महिने दर गुरुवारी ती खिडकीशी यायची. बाई आठला खिडकी उघडायच्या तेव्हा ती फळीला टेकून उभी असायची आणि बाई खिडकी लावून घ्यायच्या तेव्हाही तिथेच असायची. विभागात सगळे तिला ‘गुरुवार’ म्हणायचे. नानांनीच ठेवलेलं नाव.

“साठ पानं राहिलीत,” बाई म्हणाल्या.

“अपील करायला अकरा वर्षं लागली बघा. दादाच सही देत नव्हता. म्हणायचा, राहू दे, मी आत बरा आहे. यंदा मी त्याच्यापुढे बसूनच राहिले. म्हटलं, तू सही दिली नाहीस तर मी इथून उठणार नाही.” ती थोडं हसली. “मला झोप नाही हो बाई. अकरा वर्षं झाली.”

“होईल काहीतरी,” बाई म्हणाल्या, आणि खिडकी जरा लवकरच लावून घेतली.

त्या रात्री जेवताना बाईंनी मुलीला सगळं सांगितलं. मुलगी आता नोकरी करत होती, आईच्या वरताण फटकळ होती.

“आई, तू टाईप केलंस. खून नाही केलास.”

“त्याचं आयुष्य गेलं ना पण.”

“न्यायाधीशाने ‘नाकारतो’ म्हटलं. तू काय करणार होतीस?”

“मी ऐकलं होतं,” बाई म्हणाल्या. “तिथे बसून ऐकणं एवढंच माझं काम होतं.”

मुलीने हातातला घास ताटात ठेवला. मग म्हणाली, “माझ्या तापामुळे ना?” बाईंनी तिच्या ताटात भात वाढला. दोघींनाही त्या उत्तराची भीती वाटत होती.

झोप लागली नाही. एकदा वाटायचं, अकरा वर्षांपूर्वीचं पुटपुटणं, भासही असेल. निवृत्तीला चार महिने राहिले असताना नसती आफत कशाला ओढवून घ्यायची? मग ते फिकट-काळं पान डोळ्यांपुढे यायचं. भास कागदावर उमटत नाही. आणि एक गोष्ट राहून राहून आठवायची: नव्या प्रतीत सगळी अक्षरं सारखीच काळी होती. न्यायमूर्तींच्या हातात ती प्रत जाणार. मूळ पान इथेच, दोरीत बांधलेलं राहणार. त्या आणि नाना सोडले तर जगात कुणालाही ते दिसणार नव्हतं.

*

शुक्रवारी सकाळी बाईंनी निवेदन टाईप करायला घेतलं. बराच वेळ त्या पडद्याकडे बघत राहिल्या. मग बोटं आपोआप चालली आणि त्यांनी वाचलं तर पानाच्या तळाशी आलं होतं, ‘वर लिहिलेला मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा व बरोबर आहे.’ वर मजकूर अजून एका अक्षराचाही नव्हता.

बाई स्वतःवरच चिडल्या. ते वाक्य त्यांनी खोडलं. आधी वरचं सगळं लिहिलं, रिबीन, ताप, भिंतीकडे बघणारा रखवालदार, त्याचे सहा-सात शब्द. आणि मग शेवटी ते वाक्य लिहिलं.

“नाना, याची रुजवात घ्या.”

नानांनी वाचायला सुरुवात केली ती नेहमीच्या खणखणीत आवाजात. दुसऱ्या परिच्छेदापासून आवाज खाली आला. शेवटी तर ते मनातल्या मनातच वाचत होते.

“बाई, पेन्शनचं बघा हो. चौकशी लावतील. चार महिने मूग गिळून काढले असते तर…”

“चूक आहे का कुठे?”

नानांनी कागद परत दिला. “स्वल्पविरामाचीसुद्धा नाही.”

रजिस्ट्रारांनी निवेदन दोनदा वाचलं, खालच्या कोर्टात एक फोन केला आणि पंखा वाढवला.

“तुम्हाला कळतंय ना काय लिहिलंय? उद्या प्रत्येक आरोपी म्हणेल, माझ्या खटल्यात बघा, तिथेही याच बाई होत्या. किती खटले टाईप केलेत तुम्ही?”

“मोजले नाहीत, साहेब.”

“ते न्यायाधीश गेले. रखवालदारही गेला, आत्ताच विचारून घेतलं मी. तुमचं कोण खरं म्हणणार?”

बाईंनी पान दोनशे चौदा टेबलावर ठेवलं. रजिस्ट्रारांनी ते उचलून खिडकीच्या उजेडात धरलं. बराच वेळ धरलं. “कार्बनच्या प्रतींवर हे दिसत नाही,” ते म्हणाले.

“नाही. रिबीन फक्त मूळ कागदावर उमटते.”

“ठेवून जा. न्यायमूर्तींपुढे ठेवतो. दोन्ही बाजूंच्या वकिलांनाही प्रत जाईल. सोमवारी तुम्हीही हजर राहा.” बाई दारापर्यंत गेल्यावर ते पुन्हा म्हणाले, “कशाला हा उपद्व्याप केलात हो?” पण त्यात राग नव्हता.

खाली आल्या तर खिडकीवर टकटक. शुक्रवार असूनही ‘गुरुवार’ आली होती. सुनावणी जवळ आली तसा तिलाही धीर धरवत नव्हता.

खिडकीशी खटल्याबद्दल बोलायचं नाही, हा नियम बाईंनी नऊ वर्षं पाळला होता. पण आता वकिलांना कळणारच होतं, आणि या पोरीचा भाऊ आपल्यामुळे आत आहे हे तिला आपणच सांगायला हवं असं त्यांना वाटलं. त्यांनी सांगितलं. सुरुवाती कशा आधी टाईप करून ठेवायच्या तेही सांगितलं. सांगताना त्या फळीकडे बघत होत्या.

“त्याने चेहरा पाहिलाच नव्हता. तसं तो बोललाही होता. मी लिहिलं नाही. तू मला काय बोलायचं ते बोल.”

बहीण फळीवर पुढे झुकली. मग तिने विचारलं, “आणखी काय बोलला तो?”

“म्हणाला, चाल त्या घरची वाटली.”

बाईंनी वर बघितलं. तिला आनंद होईल, ती रडेल, शिव्या घालेल, अशा सगळ्याला बाई तयार होत्या. तिने फळी दोन्ही हातांनी धरली होती आणि तिची नखं पांढरी पडली होती.

“हे लिहून दिलंत तुम्ही? असंच? ‘त्या घरची’?”

“जसं बोलला तसं.”

“दादा सुटेल याने?”

“चेहराच पाहिला नाही म्हटल्यावर राहिलं काय? सुटायला हवा.”

“आणि घराबद्दल विचारतील?”

“कागदावर असेल तेवढंच विचारतात ते.”

तिने मान हलवली. “चालेल,” ती म्हणाली, आणि जरा वेळाने पुन्हा, “चालेल.” बाईंनी खिडकी लावली तेव्हा ती तिथेच उभी होती. कपडे आत घ्यायला विसरल्यासारखं काहीतरी बाईंच्या मनाला चाटून गेलं, पण साठ पानांची रुजवात बाकी होती.

*

सोमवारी कोर्टाचा हॉल अर्धा रिकामा होता. खुनाचं अपील म्हटलं की लोकांना वाटतं गर्दी असेल, आरडाओरडा असेल. तिथे कागद उलटल्याचाच आवाज असतो. इस्त्रीवाला तुरुंगातच होता, त्याला इथे कुणी बोलावलेलं नव्हतं. बहीण अगदी मागच्या बाकावर, भिंतीकडेला बसली होती. बाई आल्या तेव्हा ती आधीच येऊन बसलेली होती.

दोन न्यायमूर्ती. उजवीकडचे वयाने मोठे, हळू बोलणारे. त्यांच्यापुढे पेपरबुक होतं आणि त्याच्या शेजारी, सुटं, पान दोनशे चौदा. इस्त्रीवाल्याची वकील एक तरुण मुलगी होती. तिने मुद्दा थोडक्यात मांडला: हत्यारावर ठसे नाहीत, डगला चौदा जणांचा, आरोपीला खुनाशी जोडणारा दुवा एकच, आणि तो दुवा या पानावर तुटतो. सरकारी वकील उठले. ते म्हणाले, खालच्या न्यायाधीशांनी साक्षीदाराला डोळ्यांनी पाहिलं होतं, त्याच्यावर विश्वास ठेवला होता. अकरा वर्षांनी एका कर्मचारी महिलेच्या आठवणीवर ते मोडायचं का?

“आठवणीवर नाही,” मोठे न्यायमूर्ती म्हणाले. “हे पान तुम्हीही बघा.”

पान सरकारी वकिलांच्या हातात गेलं. मग न्यायमूर्तींनी बाईंना पुढे बोलावलं.

“ही आद्याक्षरं तुमची?”

“हो, साहेब.”

“साक्षीदार वेगळं बोलला, हे त्याच दिवशी का सांगितलं नाही?”

बाईंनी रात्री चार-पाच उत्तरं जुळवून ठेवली होती. त्यातलं एकही आठवलं नाही. “चार कार्बन होते, साहेब. पान पुन्हा करावं लागलं असतं. मला घरी जायचं होतं.”

हॉलमध्ये कुणीतरी हसलं आणि गप्प झालं. न्यायमूर्ती हसले नाहीत. त्यांनी काहीतरी लिहून घेतलं. बाईंना त्या क्षणी वाटलं, जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं.

“‘चाल त्या घरची वाटली,’” न्यायमूर्तींनी वाचलं. “त्या घरची म्हणजे? आरोपीच्या चालण्यात काही वेगळं आहे, असं रेकॉर्डवर कुठे आलंय का?”

दोन्ही वकिलांनी पानं चाळली. “नाही, साहेब,” तरुण वकील म्हणाली.

“घरात आणखी कोण?”

“एक बहीण आहे,” सरकारी वकील म्हणाले. “तीही धुलाई केंद्रातच कामाला होती. मालक तिला रोज उशिरापर्यंत थांबवून घ्यायचा, असं एका कामगाराने सांगितलंय. पण तिची साक्ष घेतलेली नाही.”

“मग त्याबद्दल आपल्यापुढे काही नाही.”

दोघे न्यायमूर्ती एकमेकांकडे कलले. पाच मिनिटं गेली असतील. मग मोठ्या न्यायमूर्तींनी तिथल्या तिथे निकाल सांगायला सुरुवात केली आणि खाली बसलेल्या तरुण स्टेनोची बोटं चालू लागली. साक्षीदाराने चेहरा पाहिला होता याबद्दल रास्त शंका निर्माण होते. त्या शंकेचा फायदा आरोपीस मिळाला पाहिजे. अपील मंजूर. अन्य गुन्ह्यात आवश्यकता नसल्यास आरोपीस तात्काळ मुक्त करावे.

बाईंना रडू आलं. अकरा वर्षांचं ओझं उतरलं म्हणून आलं की अकरा वर्षं परत देता येत नाहीत म्हणून, ते त्यांनाही सांगता आलं नसतं. त्या बाजूच्या दाराशी जाऊन उभ्या राहिल्या आणि पदराने डोळे पुसले.

“सही?” तरुण स्टेनोने विचारलं. कागद वर गेला. दोन्ही न्यायमूर्तींनी सह्या केल्या. शिक्का बसला. पुढच्या खटल्याचा पुकारा झाला, आणि दोघांनी पुढचं पेपरबुक उघडलं.

तेव्हा मागच्या बाकावरून बहीण उठली.

बाई तिला दोन महिने बघत होत्या, पण उभी असलेली, आणि तीही छातीच्या वर. आज पहिल्यांदाच त्या तिला चालताना बघत होत्या. ती मधल्या वाटेने पुढे यायला लागली. डावा पाय आधी बाहेर फेकला जायचा, अर्धवट वळसा घेऊन मग जमिनीला टेकायचा, आणि उजवा त्याच्यामागे ओढला जायचा. एक टाच वाजायची, एक पाऊल घासायचं. अशी चाल एकदा पाहिली की माणूस विसरत नाही. कमी उजेडातही नाही, लांब डगल्यातही नाही.

ती घाई करत नव्हती. लपवतही नव्हती. बाकांच्या सगळ्या रांगा ओलांडून ती न्यायमूर्तींच्या अगदी समोरून, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालत गेली. सरकारी वकील फाईल बांधत होते. तरुण वकील फोनवर तुरुंगाचा नंबर शोधत होती. न्यायमूर्ती नव्या पुस्तकाचं पहिलं पान वाचत होते. कुणीही मान वर केली नाही.

ती बाजूच्या दाराशी बाईंसमोर येऊन थांबली. धाप लागली होती.

“सह्या झाल्या ना?”

“झाल्या,” बाई म्हणाल्या.

“आता फिरत नाही ना ते? दादाला परत नेत नाहीत ना?”

“नाही नेत आता.”

तिने सुटकेचा श्वास सोडला. मग बाकावर बसली, पिशवी मांडीवर घेतली आणि शेजारची जागा हाताने पुसली.

“आमच्या घरात तिघांची अशी चाल. वडील तर मी शाळेत असतानाच गेले,” ती म्हणाली. “दादा त्या संध्याकाळी कुठे होता ते मला ठाऊक आहे. तो तिथे नव्हता. मला कुठे लिहून द्यायचं असतं ते ठाऊक नाही. तुम्ही घ्याल का लिहून?”

बाई तिच्या शेजारी बसल्या. पर्समधून वही काढली, पेन काढलं. सवयीने हात पानाच्या वरच्या ओळीवर गेला.

बहिणीने तो हात हलकेच धरला.

“सावकाश घ्या, बाई. मला घाई नाही. फक्त आधी काही लिहून ठेवू नका.”